ठोक्यावरचं बोट

माझी थोरली दिवसा लोकांचे कान वाचवायच्या खटपटीत असते आणि संध्याकाळी तेच कान फाडते. हा विनोद माझा नाही, तिच्या विभागप्रमुख बाईंचा. त्यांना तो इतका आवडायचा की प्रयोगशाळेत कुणी पाहुणा आला की थोरलीची ओळख करून देताना तो ठरलेलाच. थोरलीही हसायची. तिचं काम आतल्या कानातल्या पेशींवर. त्यांना म्हणे केसांसारखे बारीक तुरे असतात. मोठ्या आवाजाने ते आडवे पडतात, फार मोठ्या आवाजाने पेशीच मरतात, आणि एकदा मेल्या की माणसाच्या कानात परत उगवत नाहीत. का उगवत नाहीत, हे शोधण्यात तिची उमेदीची वर्षं चालली होती.

ती मला हे समजावून सांगायची तेव्हा मी म्हणायचे, अगं, डोक्यावरचे उगवत नाहीत म्हणून लोक माझ्यासमोर रडतात, तू कानातल्यांचं काय घेऊन बसलीस? मी केस कापते. घराखालीच माझं दुकान आहे. आयुष्यभर लोकांचे कान दोन बोटांनी मुडपून त्यांच्या मागचे केस साफ केले, त्यामुळे कान या वस्तूबद्दल मला तशी काही फार उत्सुकता उरलेली नव्हती.

संध्याकाळचं प्रकरण म्हणजे तिचा बँड. नाव 'कानठळ्या'. तेही हिनेच ठेवलेलं. त्या संगीताला पंक म्हणतात. पंक म्हणजे काय, असं मी विचारलं होतं, तर म्हणाली, "आई, सूर तीनच आले तरी चालतात, राग मात्र खरा पाहिजे." राग आमच्या घरात भरपूर, तेव्हा मला वाटलं, पोरीने योग्य धंदा निवडला. गिटारवाला दिवसा दातांच्या कवळ्या बनवायचा. बेस वाजवणारा लांब्या बस चालवायचा. आणि सगळ्यांच्या मागे, ड्रमवर, माझा धाकटा.

धाकट्याला सगळे ठोक्या म्हणतात. रांगत होता तेव्हापासून त्याने घरातलं एक भांडं सरळ ठेवलं नाही. त्याच्या शिक्षणाबद्दल एवढंच सांगते की ते सुरू झालं आणि संपलं, मधे काय झालं ते त्याच्या मास्तरांनाही सांगता येणार नाही. पण हातात काठ्या आल्या की हे पोर वेगळंच व्हायचं. खांदे सैल, तोंड किंचित उघडं, आणि नजर ताईच्या पाठीवर. त्यांचे वडील गेले तेव्हा हा लहान होता. मी दुकानात उभी, तर ह्याला खायला घालायचं, झोपवायचं, मारामारी करून आला की रागवायचं, सगळं थोरलीने केलं. ती उठली की हा उठायचा, ती बसली की हा बसायचा.

थोरली जेव्हा म्हणाली की ठोक्याला बँडमध्ये घेते, तेव्हा मी कडाडले. त्यांची तालीम रविवारी दुपारी फरश्यांच्या एका गोदामात चालायची, मी एकदा डबा द्यायला गेले होते. डबा ठेवला आणि बाहेर येऊन रस्त्यावर उभी राहिले तरी दात हलत होते. मी म्हणाले, "तू शिकलेली आहेस, तुझं तू बघ. त्याच्याकडे दुसरं काय आहे? त्याचे कान गेले तर मी तुला घरात घेणार नाही."

तेव्हा तिने मला शब्द दिला. दर तीन महिन्यांनी ती स्वतः त्याचे कान तपासणार. कागदावरची रेघ जराशी जरी घसरली तरी बँड बंद, त्याच दिवशी. तो वाजवणार नाही आणि ती गाणार नाही.

"तू कशाला सोडतेस? दुसरा ड्रमवाला बघ," मी म्हणाले.

"दुसऱ्याबरोबर मला गाता येत नाही, आई. करून बघितलंय. नुसती ओरडते मी."

शिवाय सगळ्यांनी कानात बोळे घालायचे, असा नियम. गिटारवाल्याने प्रत्येकाच्या कानाचा साचा घेऊन कवळीच्या मालाचे बोळे करून दिले. हिरड्यांच्या रंगाचे. दिसायला किळसवाणे, पण बसायचे चपखल.

आणि खरंच, ती चार वर्षं आमच्या घरातली सगळ्यात सुखाची. थोरली सकाळी पांढरा कोट घालून उंदरांच्या कानांचे काप बघायची, दुपारी कोणाकोणाला अहवाल लिहायची, आणि संध्याकाळी तोच केसांचा अंबाडा सोडून, डोळ्यांत काजळ ओतून माईकसमोर उभी राहायची. 'आवाज खाली? तुम्ही वर या!' हे तिचं सगळ्यात गाजलेलं गाणं. लोक उड्या मारत हे वाक्य तिच्या तोंडावर परत फेकायचे. गाणं संपलं की ती मागे वळून ठोक्याकडे बघायची, आणि तो काठी हवेत फेकून झेलायचा. तेवढ्या एका क्षणासाठी मी ते सगळं सहन करायचे.

दर तीन महिन्यांनी कानांची तपासणीही व्हायची. प्रयोगशाळेत एक लहान खोली आहे, आतून जाड गादीसारख्या भिंती, एका बाजूला काच. आत ठोक्या हेडफोन घालून बसायचा, हातात एक बटण. काचेबाहेर थोरली यंत्रापाशी, बोटं यंत्राआड, त्याला आतून न दिसणारी. ती आवाज सोडायची, त्याला ऐकू आला की त्याने बटण दाबायचं, की हिच्या टेबलावर छोटा दिवा लागायचा. मग आवाज एक पायरी बारीक. मग आणखी बारीक. ऐकू येईनासं झालं की तिथे कागदावर खूण. सगळ्या खुणा जोडल्या की रेघ तयार. त्याची रेघ प्रत्येक वेळी सरळ. "बघ," थोरली मला कागद दाखवायची, "ड्रमवाल्याचे कान, आणि अशी रेघ!" मोठ्या परिषदेत तिने तोच आलेख पडद्यावर लावला. काळजी घेतली तर मोठ्या आवाजात राहूनही कान टिकतात, हे तिचं म्हणणं होतं, आणि पुरावा म्हणजे तिचा भाऊ. शास्त्रज्ञांनी टाळ्या वाजवल्या. तिच्या दोन्ही आयुष्यांना एकाच वेळी टाळ्या मिळालेल्या मी तेव्हाच बघितल्या, फोनवर, तिने पाठवलेल्या चित्रफितीत.

इकडे घरात ठोक्या हाक मारली तर ओ द्यायचा नाही. मला वाटायचं, चार लोक ओळखायला लागले तर लाटसाहेब झाला. केसही कानांवर वाढवले होते. मी केस कापणारी बाई, आणि माझ्याच पोराच्या डोक्यावर हे रान! कात्री घेऊन मागे लागले तर पळायचा. आमची यावरून रोज जुंपायची.

मग ती मोठी संधी आली. कुठल्या तरी नावाजलेल्या मंडळींना त्यांची रेकॉर्ड काढायची होती, आणि त्याआधी गावोगाव कार्यक्रम. थोरलीने विभागप्रमुख बाईंकडे रजा मागितली. बाई म्हणाल्या, जा, पण परत ये, उंदीर वाट बघतील. निघण्याआधी ठोक्याची तपासणी करायची ठरली. त्यानंतर आम्ही तिघं मिळून त्याला बूट घ्यायला जाणार होतो, म्हणून मीही दुकान बंद करून सोबत गेले.

मी थोरलीच्या मागे स्टुलावर बसले होते. तिने ठोक्याला आत बसवलं, दार लावलं, आणि माझ्याशी बोलत बोलत सुरुवात केली. कोणत्या रंगाचे बूट, गाडीत कोण कुठे बसणार, असलं काहीतरी. तिचा पाय जमिनीवर हलकासा पडत होता, बोट बटणावर. ती दाबायची, दिवा लागायचा. दाबायची, लागायचा. तिने यंत्राच्या मागे हात घातला, काहीतरी नीट करायला, आणि तिचं बोलणं अर्ध्यात थांबलं.

"काय झालं?" मी विचारलं.

 तिच्या डाव्या हातात एका वायरीचं टोक होतं. सकाळी कुणीतरी यंत्रातली वायरीची खाच दुसऱ्या कामासाठी वापरली होती आणि हेडफोनची वायर काढून खिळ्याला अडकवून ठेवली होती. थोरलीने ती बघितलीच नव्हती. ठोक्याच्या कानात आवाज जातच नव्हता.

मला हे सगळं नंतर कळलं. तेव्हा मला फक्त एवढं दिसलं की वायर डाव्या हातात धरूनच तिने उजव्या हाताने परत दाबलं. दिवा लागला. एक पायरी खाली, परत दाबलं, दिवा लागला. दर वेळी जिथे त्याची खूण पडायची तिथवर ती गेली, आणि तिथे बरोबर दिवा लागायचा थांबला. तिने दुसरा आवाज निवडला. पुन्हा तसंच. मग तिने बोट वर उचललं आणि दाबलंच नाही. नुसतं धरून ठेवलं.

दिवा लागला.

काचेपलीकडे माझा मुलगा डोळे अर्धवट मिटून, मान एका बाजूला झुकवून, काहीतरी फार गोड ऐकत असल्यासारखा बसला होता.

थोरलीने उठून दार उघडलं. तो हेडफोन काढत बाहेर आला. "काय? पास?"

तिने वायरीचं टोक त्याच्यासमोर धरलं. "ही कुठेच लावलेली नव्हती."

त्याने टोकाकडे बघितलं, मग तिच्याकडे. लहानपणी चोरी पकडली गेली की मान खाजवायचा, तशी खाजवली. "मग मी काय ऐकलं?" तो म्हणाला. विनोद करून बघत होता. आम्ही कुणी हसलो नाही.

"केव्हापासून?"

तो तिच्या डोळ्यांकडे बघत नव्हता, तोंडाकडे बघत होता. हे मला तेव्हा पहिल्यांदा दिसलं.

"नक्की नाही सांगता येत, ताई. हळूहळू गेलं. आधी ती सगळ्यात वरची शिट्टी गेली. मग तिच्या खालची."

"आणि तू बटण दाबत राहिलास."

"तू ठोका चुकत नाहीस ना. चार वर्षं तुझ्या पाठीमागे बसतोय. तू श्वास कधी घेणार ते मला तुझ्या खांद्यांवरून कळतं, मग बटण कधी दाबणार ते नाही कळणार? आणि कुठे थांबायचं ते आधीच्या वेळचं पाठ होतं."

"बोळे घालत होतास ना तू? खरं सांग."

त्याने कानांवरचे केस उगाच पुढे ओढले. "सुरुवातीला घालायचो."

"मग?"

"ते घातले की तू ऐकू यायची नाहीस. माझा ड्रम यायचा, लांब्या यायचा, तुझे शब्दच जायचे. मग मी वाजवू कशावर?"

थोरलीने वायर जमिनीवर आपटली. आणि मग जी ओरडली, बाई गं! तिचा स्टेजवरचा आवाज मी त्या स्वच्छ पांढऱ्या खोलीत पहिल्यांदा ऐकला. गाढवा, मूर्खा, माझ्या संशोधनाचं तू काय केलंस, आईला मी काय सांगू, तुझ्या कानांचं आता मी काय करू, ते परत येत नाहीत, कळतंय का तुला, जगातलं कोणीही ते परत आणू शकत नाही, मीसुद्धा नाही. शेजारच्या खोलीतली माणसं दारात आली. ठोक्या शांतपणे उभा होता.

"हे मला ऐकू येतंय," तो म्हणाला.

बूट घ्यायचे राहिले.

थोरलीने दुसऱ्याच दिवशी विभागप्रमुख बाईंना सगळं सांगितलं आणि आलेख मागे घेतला. ज्यांना ज्यांना तो दाखवला होता त्या प्रत्येकाला स्वतः कळवलं. बाई चांगल्या. म्हणाल्या, चूक प्रामाणिक आहे, अशी चूक दुसऱ्या कुणाला करता आली नसती. पण कान वाचवण्याचा आणि फाडण्याचा तो विनोद त्यांनी पुन्हा कधी सांगितला नाही. थोरलीने मला हे सांगितलं तेव्हा तिच्या आवाजात इतकी लाज होती की मला त्या बाईंचाच राग आला. सांगायचा होता की! निदान माणूस हसलं तरी असतं.

मग तिने गिटारवाल्याला आणि लांब्याला घरी बोलावलं आणि बँड बंद केला. रेकॉर्डवाल्यांना नाही म्हणून कळवलं. लांब्या एवढा मोठा माणूस, माझ्या जिन्यात बसून रडला. ठोक्या वरच्या खोलीत होता. त्याला खाली बोलावलं नव्हतं, आणि हाकेने तो आला नसताच.

त्याने ताईशी बोलणं टाकलं. जेवायला बसला तर ताटाकडे बघायचा. तिचं तोंड बघितलं नाही की तिचं बोलणं त्याच्यापुरतं बंदच व्हायचं, इतकं ते सोपं होतं. ती त्याच्याशी बोलत राहायची आणि तो मीठ मागायचा, माझ्याकडे. मला दोघांनाही धरून बदडावंसं वाटायचं, आणि दोघांनाही पदराखाली घ्यावंसं वाटायचं. एवढे घोडे झालेले दोघं, पदरात मावणार कुठून?

एका दुपारी गिऱ्हाईक नव्हतं, मी खुर्च्या पुसत होते, आणि दोघांचं जिन्यात सुरू झालं. मला वाटतं त्याने काठ्या पिशवीत भरलेल्या तिने बघितल्या.

"कुठे निघालास?"

"दुसऱ्या बँडवाल्यांनी बोलावलंय. तिथे कोणी कान तपासत नाही."

"जा. जे उरलंय तेही घालवून ये."

"माझे कान आहेत."

"तुझे कान आहेत? माझ्यासाठी घालवलेस ना? मग माझे झाले ते!"

"तुझ्यासाठी घालवले आणि तूच बँड बंद केलास!" तो ओरडला. "आता मी घरी बसून काय ऐकू? आईच्या कात्र्या? त्याही ऐकू येत नाहीत मला!"

मी फडकं फेकून जिन्यात गेले. म्हणाले, "पुरे. कोणाचे कान ते नंतर ठरवा. आधी त्यात काय उरलंय ते मला कळू दे. खरं, नीट. मग ज्याला जिथे जायचं तिथे जाऊ दे, मी अडवणार नाही."

ठोक्या बराच वेळ पिशवीचा पट्टा वळत राहिला. "ताईने नाही तपासायचं," तो शेवटी म्हणाला. "मी खोटं बोलतो म्हणून नाही. तिने दाबलं की माझं बोट आपोआप दाबतं. मी ठरवलं तरी थांबत नाही."

"मी कसंही, आडवंतिडवं दाबेन," थोरली म्हणाली.

"तुझं आडवंतिडवंसुद्धा मला पाठ आहे."

ते खरंच होतं, त्यांच्या गाण्यात मधेच सगळं थांबायचं आणि ती मनाला येईल तेव्हा परत सुरू करायची, तो एकदाही मागे पडला नव्हता. ती पायरीवर बसली. "मग प्रयोगशाळेतलं दुसरं कोणीतरी दाबेल."

"परक्यासमोर मी बसणार नाही."

यंत्र जुनं, हातानेच चालवायचं. थोरली विचार करत होती, आणि मग दोघंही एकाच वेळी माझ्याकडे बघायला लागली.

"माझ्याकडे काय बघता? मला काय कळतंय त्यातलं?"

"आई," थोरली म्हणाली, "तुला ताल नाही."

आता हे खरं आहे, नाकारण्यात अर्थ नाही. कार्यक्रमात मी टाळ्या वाजवायला लागले की माझ्या डाव्या-उजव्या बाजूचे लोकही चुकायला लागायचे. गिटारवाल्याने एकदा हात जोडून मला मागच्या रांगेत बसायची विनंती केली होती. ठोक्याच्या तोंडाचा कोपरा हलला. थोरलीला हसू फुटलं, आणि मग तोही हसला, पिशवी खाली ठेवून. किती दिवसांनी दोघं एकमेकांकडे बघून हसली. मला वाटलं, चला, सुटलं. काय सुटलं होतं देव जाणे.

सुट्टीच्या दिवशी आम्ही गेलो. प्रयोगशाळेत कोणी नव्हतं. थोरलीने वायर खोचून हेडफोन आधी स्वतःच्या कानाला लावून बघितला, मग ठोक्याला आत बसवलं. मला यंत्रापुढे बसवून दाखवलं, हे गोल फिरवलं की आवाज लहानमोठा, हे दाबलं की आवाज जातो. ती कागद-पेन्सिल घेऊन माझ्या मागे बसली, त्याला दिसणार नाही अशी.

पहिला आवाज जाडा, घुमणारा. मी दाबलं. दिवा लागला. मला इतका आनंद झाला की मी मागे वळून थोरलीकडे बघितलं. "आई, पुढे बघ," ती म्हणाली. मी परत दाबलं, मग नाक पुसलं, मग दाबलं, मग खुर्ची पुढे ओढली आणि दाबलं. दिवा लागत होता. जाड्या आवाजांना लागत होता.

मग तिने पुढचा आवाज लावून दिला. मी दाबलं. ठोक्या बसून होता. "वाढव," थोरली मागून म्हणाली. मी वाढवलं आणि दाबलं. त्याचा अंगठा बटणावर तयार होता, डोळे बारीक केलेले, कपाळाला आठ्या. शाळेत हे पोर इतकं मन लावून कधी बसलं नव्हतं. "वाढव." मी दाबलं. "अजून." मी दाबलं. "ऐक ना रे," मी काचेकडे बघून म्हणाले, "ऐक ना, बाळा." मला वाटायला लागलं की यंत्रच बिघडलंय. थोरलीने न बोलता एक जादाचा हेडफोन माझ्या कानाला लावला. मी दाबलं, आणि अशी कर्कश किंकाळी कानात घुसली की मी तो हिसकून काढला.

माझा मुलगा काचेपलीकडे वाट बघत होता. मध्येच त्याने मला मान हलवून खुणावलं, सुरू कर की, आई. त्याला वाटत होतं मी अजून सुरूच केलेलं नाही.

मागे पेन्सिलचा आवाज येत होता. मी कागद बघितला नाही. रेघ कुठे चालली होती ते मला तिच्या श्वासावरून कळत होतं.

मग तिने मला बाजूला घेतलं. शेवटची तपासणी शब्दांची. त्यात तालाचा काही संबंध नाही, म्हणून ती स्वतः बसली. ती माईकमध्ये एक शब्द म्हणणार, त्याने ऐकून तसाच परत म्हणायचा. त्याने ओठ वाचू नयेत म्हणून तिने शब्दांचा कागद तोंडासमोर धरला. एवढ्या लोकांसमोर तोंड उघडून उभी राहणारी माझी पोर, तिने स्वतःच्या भावापासून तोंड झाकलं.

"हात," ती म्हणाली.

"हात," आतून ठोक्या म्हणाला.

"सात."

"हात. परत हात?"

"फळ."

"मळ."

"शिडी."

"विडी." स्वतःशीच हसला. "विडी कशाला असेल यादीत?"

"केस."

हा तर माझ्या पोटापाण्याचा शब्द. रोज घरात शंभरदा उठतो. "वेळ," तो म्हणाला.

थोरली एकाच आवाजात, सरळ, न थांबता शब्द सांगत गेली. ह्याच मुलीचे शब्द ऐकू यावेत म्हणून ह्या मुलाने कानातले बोळे काढून टाकले होते, आणि आता ती एकेक शब्द त्याला देत होती आणि त्याच्यापर्यंत त्यातलं निम्मं पोचत नव्हतं. माझ्या डोळ्यांना धार लागली होती. मी भिंतीकडे तोंड केलं, कारण मी रडताना दिसले तर तो बाहेर आला असता.

यादी संपली. थोरलीने पेन्सिल खाली ठेवली. कागद मात्र तोंडासमोर तसाच राहिला.

"संपलं," ती म्हणाली.

"आपलं," ठोक्या म्हणाला.

तिने माईक जवळ ओढला. मग पुन्हा, सावकाश म्हणाली, "संपलं."

"आपलं," तो मोठ्याने, अगदी खात्रीने म्हणाला, आणि पुढे झुकला. "आपलं ना, ताई? हे तरी बरोबर आलं ना?"

थोरलीने कागद खाली घेतला नाही. "हो," ती माईकमध्ये म्हणाली. "बरोबर."

काचेपलीकडे त्याने मूठ वर केली, आणि पुढच्या शब्दासाठी तिच्याकडे बघत बसून राहिला.